गौतमची वरची खोली

फेब्रुवारीतली गोष्ट. ऑफिसातून घरी येऊन मी नुकताच चहाचा कप हातात घेतला होता, सात वाजत आले होते, आणि प्रज्ञाचा फोन आला. प्रज्ञा म्हणजे माझ्या मित्राची, गौतमची मुलगी. अकरावीत आहे. "काका, बाबा शेडवर पडले... गेले म्हणतात," एवढंच ती बोलली आणि कुणीतरी तिच्या हातातून फोन घेतला. दिवसभराची नोकरी झाल्यावर गौतम रोज संध्याकाळी उद्यमनगरातल्या एका शेडमध्ये लेथवर जादा काम करायचा. तिथेच, चालू मशिनसमोर, छातीत कळ येऊन तो खाली बसला आणि पुन्हा उठला नाही. पंचेचाळीसचाही नव्हता. अशी बातमी ऐकल्यावर माणसाच्या मनात आधी काय येतं? माझ्या मनात आला तो एक आकडा. सात महिने... त्या संध्याकाळी गौतम शेडवर असायलाच नको होता. त्याचं ते संध्याकाळचं काम सात महिन्यांपूर्वीच सुटायला हवं होतं, आणि ते सुटलं नाही याला कारण मी होतो. गेले दोन महिने मी हे कुणाला न सांगता घेऊन फिरत होतो. आता सांगितलंय, आणि ज्यांना आधी सांगायला हवं होतं त्यांना आधी सांगून मगच इथे, माझ्या पेपरातल्या सदरात, लिहितोय.

आम्ही दोघे कुरुंदवाडचे, एका शाळेतले, एका बाकावरचे. माझं घर शेतकऱ्याचं, त्याचं बौद्ध वस्तीतलं. त्याचे वडील गवंड्याच्या हाताखाली जायचे. गौतमला मोजायचं वेड होतं. शाळेतून घरापर्यंत किती पावलं, नदीच्या घाटाला किती पायऱ्या, हे त्याला तोंडपाठ. पुढे आयटीआय करून तो टर्नर झाला तेव्हा मला जराही नवल वाटलं नाही. खिशात पेन ठेवावं तसा तो जाडी मोजायचा व्हर्नियर बाळगायचा. एकदा माझ्या लग्नातल्या अंगठीची जाडी त्याने भर पंगतीत मोजली आणि सोनाराने कुठे घासलीय ते दाखवलं. बायकोच्या माहेरची माणसं बघतच राहिली. असा माणूस... लोखंडाचा केसाएवढा फरक ज्याच्या नजरेतून सुटत नव्हता, त्याने आयुष्यातली सगळ्यात मोठी गोष्ट कधीच मोजून पाहिली नाही, कारण ती मोजायला मी आहे असं तो धरून चालला होता.

नव्वद-एक्याण्णवच्या सुमाराला आम्ही आगेमागे कोल्हापुरात आलो. त्याला शिरोलीच्या एका कारखान्यात काम मिळालं, मी अजून अर्ज करत फिरत होतो. दोघे मिळून खोल्या बघायला जायचो. मंगळवार पेठेत एका घरी मागच्या बाजूची छान खोली होती, स्वतंत्र नळ, दारात पेरूचं झाड. मालक आधी फार गोड बोलले. "या की पावणं, बसा की," म्हणून त्यांनी पाणी दिलं, कामधंदा विचारला, गाव विचारलं, आणि मग म्हणाले, "आडनाव काय म्हणायचं?" गौतमने सांगितलं. मालकांनी तांब्या उचलला आणि म्हणाले, "खोली कालच गेली बगा. इसरलोच मी." अशा तीन ठिकाणच्या खोल्या कालच गेल्या होत्या. पुढच्या आठवड्यात मी एकटाच त्या पेरूच्या घरावरून जात होतो. मालकांनी हाक मारली, खोली अजून रिकामीच होती, आणि मी ती घेतली. माझी ट्रंक सायकलवर बांधून पोचवायला गौतमच आला होता. "चांगली हाय की रं खोली. पेरू हायती," एवढंच म्हणाला आणि हसला. मीही हसलो. तेव्हा मी काहीतरी बोलायला हवं होतं, त्याला किंवा त्या मालकाला. पण खोली चांगली होती, भाडं कमी होतं... गप्प राहून फायदा घेण्याची सवय मला तेव्हापासूनची आहे.

पुढे मला घरकर्ज देणाऱ्या एका संस्थेत नोकरी लागली. कर्जाच्या टेबलावर बसून लोकांना घरं मिळवून द्यायची, म्हणजे पुण्याचंच काम असं मी गावाकडे सांगायचो. गौतमचं लग्न झालं होतं, मुलगी झाली होती, आणि तो एका ओळखीच्या माणसाच्या पत्र्याच्या दोन खोल्यांत राहत होता. कळंब्याच्या पुढे त्याने पै-पै साठवून एक गुंठ्याची जागा घेऊन ठेवली होती. मीच त्याच्या मागे लागलो, "घे की कर्ज, बांध की घर." पंचाण्णव साल होतं. दीड लाख रुपये, पंधरा टक्के व्याज, पंधरा वर्षं. सह्या करायच्या आधी त्याने पेन खाली ठेवलं आणि विचारलं, "वसंता, समदं मिळून किती भरायचं रं मी?"

प्रश्न अगदी सरळ होता. त्याचं उत्तरही माझ्याकडे होतं: तीन लाख पंच्याऐंशी हजार. पण या धंद्यात पहिल्या महिन्यातच शिकवतात की माणसाला एकूण रक्कम सांगायची नाही, हप्ता सांगायचा. एकूण ऐकून माणूस उठून जातो, हप्ता ऐकून सही करतो. मी म्हणालो, "एकूण काय बघतोस, हप्ता बघ. एकवीसशे चाळीस. तुझा पगार साडेचार हजार, वहिनींचं शिवणकाम आहे, बसतंय की सगळं." वर रुबाबात सांगितलं, दर कायमचा बांधून घे, हे दर काही खाली येत नसतात. त्याने पेन उचललं. "तू हाईस की तितं. मग मी कशाला बघू?" असं म्हणून त्याने एकामागून एक सगळ्या कागदांवर सह्या केल्या. वाचलं काहीच नाही.

घर झालं. दोन खोल्या, स्वयंपाकाचा कट्टा, वर स्लॅब. स्लॅबवर सहा कॉलमच्या सळ्या त्याने वर काढून ठेवल्या, पुढे मजला चढवायचा म्हणून सगळेच ठेवतात तशा. वास्तूच्या दिवशी तो मला हाताला धरून वर घेऊन गेला. लाल ऑक्साइडचा डबा आणि ब्रश घेऊन त्याने स्लॅबवरच वरच्या खोलीच्या भिंती आखल्या होत्या. दाराच्या जागी रेघ तोडली होती, खिडकीच्या जागी दोन आडव्या खुणा. "दहा बाय बारा," तो म्हणाला. "ही भाड्यानं देणार. शिकायला आलेली पोरं, नवी नोकरी लागलेली माणसं. आणि एक गोष्ट करणार बघ. आडनाव इचारणार न्हाय." मी त्याची पाठ थोपटली. पेरूच्या घराची आठवण त्यालाही झाली असणार, पण त्याने नाव काढलं नाही. मीही काढलं नाही.

पहिल्या वर्षीचा उतारा घेऊन तो माझ्या टेबलावर आला तो दिवस मला अजून दिसतो. वर्षभरात त्याने पंचवीस हजारांच्या वर भरले होते आणि मुद्दल उतरलं होतं जेमतेम तीन हजारांनी. तो रागावला नव्हता, चक्रावला होता. "पंचवीस किलोचा गोळा लेथला लावला आणि तीन किलोचा जॉब निघाला? बाकी समदा कीस?" मी हसत हसत समजावलं की सुरुवातीला व्याजच जास्त जातं, पुढे पुढे मुद्दल कापलं जातं, सगळ्यांचं असंच असतं. हे खरंही होतं. त्याने कागद घडी घालून खिशात ठेवला. त्याच महिन्यात त्याने उद्यमनगरातलं संध्याकाळचं काम धरलं. कारखाना सुटला की शेड, शेडवरून घरी यायला नऊ. "कर्ज फिटंस्तवर," तो म्हणायचा. "ज्या दिवशी फिटलं त्या दिवशी शेडला रामराम." वहिनींनाही त्याने हाच शब्द दिला होता.

आता मला जे सांगायचंय त्या जागेशी आलो. दोन हजार तीनच्या सुमाराला व्याजाचे दर कोसळले. नवं गिऱ्हाईक आलं की आम्ही त्याला आठ टक्क्यांनी कर्ज देत होतो. जुनी माणसं मात्र जुन्याच दराने भरत होती. त्यांनी एक अर्ज करायचा, दोनेक हजार फी भरायची, की त्यांचाही दर उतरत होता. पण अर्ज केला तर. साहेबांनी आम्हाला तोंडी बजावलं होतं, विचारायला येईल त्याला नाही म्हणायचं नाही, पण आपणहून कुणाला सांगत बसायचं नाही. ज्यांच्या घरी पेपरातलं व्याजाचं पान वाचलं जात होतं ते आले. एक डॉक्टर आले, चहा पिऊन होईपर्यंत त्यांचं काम झालं, जाताना त्यांनी मला पेढे दिले. गौतमला कोण सांगणार? त्याला सांगायला मी होतो.

तोवर आठ वर्षं भरून, दोन लाखांच्या वर पैसे देऊन, त्याच्या डोक्यावर अजून एक लाख सात हजार होते. दर बदलला असता तर तोच हप्ता भरून त्याचं कर्ज पावणेदोन वर्षं आधी फिटलं असतं, पंचेचाळीस हजारांच्या आसपास वाचले असते. हा हिशेब मी तेव्हाच केला होता. दुपारच्या सुट्टीत, डब्याखालच्या कागदावर. मग तो कागद भाजीच्या तेलाने भिजला म्हणून टाकून दिला.

का सांगितलं नाही? साहेबांची भीती होती, खोटं कशाला बोलू, त्या वर्षी माझं प्रमोशन अडकलं होतं. पण एका मित्राने दुसऱ्याच्या कानात एक वाक्य टाकलं असतं तर कोणत्या साहेबाला कळणार होतं? खरं कारण याहून हलकं आहे. दर कधी खाली येत नसतात, असं मी त्याला छाती काढून सांगितलं होतं. ते खाली आले आहेत, मी तुला चुकीचं सांगितलं, हे त्याच्यासमोर म्हणायची मला लाज वाटली. त्या घरात माझा मान होता. मी गेलो की वहिनी पाट मांडायच्या. एकदा मात्र धीर करून मी अर्जाचा फॉर्म शर्टाच्या खिशात घालून त्यांच्याकडे गेलो. शेजारचे कुणीतरी बसले होते. गौतम त्यांना म्हणाला, "ह्यो आमचा वसंता. ह्येच्यामुळं ह्ये घर उभं हाय." ... फॉर्म खिशातच राहिला. पुढच्या रविवारी बायकोने शर्ट धुतला तेव्हा त्याचा लगदा निघाला.

हप्ता भरायला तो स्वतः यायचा. चेक आधी देऊन ठेवायची सोय होती, मीच सांगितली होती, पण त्याला ते पटायचं नाही. पहिल्या आठवड्यात, जेवणाच्या सुट्टीत, कारखान्याच्या खाकी कपड्यांतच यायचा. काउंटरवर पैसे भरायचा, पावती नीट बघायचा, मग माझ्यासमोरच्या खुर्चीत बसून चहा. गावाकडची चौकशी, प्रज्ञाचे मार्क, वाडीला जाऊन बासुंदी खायचे बेत. दर उतरल्यापासून तो जाईपर्यंत सत्तर महिने झाले; तेव्हाच अर्ज केला असता तर त्रेसष्टाव्या महिन्यात कर्ज फिटलं असतं. म्हणजे सत्तर वेळा तो माझ्यासमोर हाताच्या अंतरावर बसला, आणि सत्तर वेळा मी त्याला चहा पाजून परत पाठवला.

त्याच्या पुण्यानुमोदनाच्या, म्हणजे बौद्ध पद्धतीच्या श्रद्धांजलीच्या, कार्यक्रमात मला चार शब्द बोलायला सांगितलं. मी उभा राहिलो आणि म्हणालो, इतक्या वर्षांत गौतमने एकही हप्ता चुकवला नाही, असा कर्जदार मी पाहिला नाही. लोकांनी माना हलवल्या. माझा आवाज भरून आला होता आणि त्या आवाजाचीच मला किळस आली. पांढऱ्या साडीत पुढे बसलेल्या सुनंदावहिनी माझ्याकडे एकटक बघत होत्या. त्या रात्रीपासून जेवण गोड लागेना. बायकोला सांगितलं तर ती म्हणाली, "मला काय सांगताय? त्यांना जाऊन सांगा."

मार्चच्या शेवटच्या रविवारी गेलो. वहिनी शिलाई मशिनवर बसल्या होत्या, प्रज्ञा क्लासला गेली होती. मी सगळं सांगितलं. आठ टक्के, साहेब, डॉक्टर, फॉर्म, सत्तर महिने, शेवटचे सात महिने. मशिन थांबलेलं होतं पण त्यांचा पाय पेडलवर तसाच होता. माझं संपल्यावर त्या बोलल्या.

"भाऊजी, ह्ये आम्हाला म्हायती झालतं. चार वर्सं झाली. शेडवरल्या एका माणसानं त्यांस्नी सांगितलं, व्याज कमी करून मिळतंय, मी केलंय, तू बी कर. मी म्हटलं, जाऊन इचारा तरी. तर माझ्यावरच खेकसले. म्हणाले, असं काय असतं तर वसंतानं आदी मला सांगितलं असतं की. त्यो माणूस पुड्या सोडतोय. तुमच्याबद्दल कायतरी वाकडं बोलला त्यो, म्हणून त्याच्यासंगं भांडान काढलं. मरंस्तवर बोलले न्हाईत त्याच्यासंगं. एका शेडात, शेजारच्या मशिनवर."

मला वाटलं होतं की सांगितल्यावर निदान छाती हलकी होईल. मी म्हणालो, वर्षभराचे हप्ते उरलेत, ते मी भरतो. तेवढं तरी करू द्या.

"नको," त्या म्हणाल्या. "घर त्येंचं हाय. मी शिवतोय, पोरगी बी शिकवण्या घ्यायला लागलीया. आमचं आम्ही भरू." मग त्यांचा आवाज चढला, पहिल्यांदाच. "त्ये असते तर तुम्हाला माफ केलं असतं. हसले असते आणि च्या ठेव म्हणाले असते. मी न्हाय करणार माफ. सात म्हैनं... रोजच्या संध्याकाळा हुत्या त्या माझ्या." त्यांनी पदराने तोंड पुसलं. मी उठलो. दारापर्यंत गेलो तेव्हा मागून म्हणाल्या, "आणि यायचं बंद करू नका. त्या शेडवरल्या माणसाला जाऊन सांगा, त्येचं खरं हुतं म्हणावं. आणि पेपरात लिवता न्हवं तुम्ही? लिवा ह्ये. त्येंचं नाव घालून लिवा. लोकांस्नी कळू दे, कितीबी जवळचा माणूस असला तरी जाऊन इचारायचं असतंय."

दुसऱ्या दिवशी शेडवर गेलो. त्या माणसाने मशिन बंद केलं, हात चिंध्यांना पुसले, सगळं ऐकून घेतलं. "मला म्हायती हुतं की," तो म्हणाला. "पर त्यो तुमच्यावर बोट उचलू देत न्हवता." मग शेजारच्या बंद लेथकडे बघत म्हणाला, "शिफ्ट सुटताना रोज त्येच्या मशिनला मी त्याल घालतो. गंजाय नको." त्याने मला बस म्हटलं नाही आणि मी बसलोही नाही.

दर वर्षी चौदा एप्रिलच्या आधी गौतम घराला रंग काढायचा. खालचं सगळं झालं की शेवटी वर जाऊन सळ्यांना लाल ऑक्साइड लावायचा, गंज धरू नये म्हणून. तेरा वर्षं एकदाही चुकला नाही. मी कधी त्या वेळी गेलो तर खालूनच हाक मारायचो, कधी चढलो नाही, कारण चढलो की वरच्या खोलीचं बोलणं निघायचं. परवा वहिनींचा निरोप आला. खालचा रंग आम्ही दोघींनी काढलाय, वरचं तेवढं तुम्ही येऊन करा.

गेलो. डबा जिन्याखाली होता, झाकण हातोडीने गच्च बसवलेलं. ब्रश रॉकेलमध्ये धुऊन, प्लास्टिकमध्ये गुंडाळून, सुतळीने बांधून ठेवलेला, अगदी मऊ. सहा कॉलम, चोवीस सळ्या. एकेक सळी खालपर्यंत, स्लॅबला चिकटते तिथपर्यंत रंगवायला किती वेळ लागतो ते मला कळलं. पाठ मोडून गेली. चोविसावी झाली तेव्हा डब्यात थोडा रंग उरला होता आणि मी झाकण लावणार, तर जिन्यात प्रज्ञा येऊन उभी होती. "काका, रेघापण," ती म्हणाली. मला आधी समजलंच नाही. मग खाली बघितलं. मला वाटत होतं की वास्तूच्या दिवशी आखलेल्या त्या रेघा केव्हाच पावसाने धुऊन गेल्या असतील. त्या सगळ्या जागच्या जागी होत्या, जरा फिक्या पडलेल्या. दर वर्षी उरलेल्या रंगातून तो त्या पुन्हा ओढायचा.

मी गुडघ्यांवर बसलो आणि त्याच्या रेघेवरून ब्रश फिरवत गेलो. बारा फूट, दहा फूट, परत बारा. खिडकीच्या दोन खुणा केल्या. चौथी भिंत ओढत आलो आणि त्याने जिथे रेघ तोडली होती तिथे मीही थांबलो. रंग ओला होता, मी आत होतो. उठलो, दाराएवढी जागा सोडलेली होती तिथून बाहेर आलो.